पोटभाडे, पगडी आणि कब्जा : बाजारपेठेतील जागेच्या तंट्यांचा इतिहास



आजच्या स्मृतिव्याख्यानासाठी मी निवडलेला विषय काहीसा रुक्ष वाटण्याचा संभव आहे. होळकरांच्या या राजधानीत इतिहासावर बोलावयाचे, तर अहिल्यादेवींची राज्यव्यवस्था आहे, मल्हाररावांच्या मोहिमा आहेत, यशवंतरावांचा इंग्रजांशी झालेला संघर्ष आहे. असे भरजरी विषय हाताशी असताना दुकानाच्या भाडेपावतीवर तासभर बोलण्याचे प्रयोजन काय, असा प्रश्न कोणाच्याही मनात यावा. प्रयोजन इतकेच, की शहराचा इतिहास जसा राजवाड्यात घडतो तसाच तो राजवाड्यासमोरच्या दुकानांतूनही घडतो. आणि गेल्या शतकात आपल्या बाजारपेठांचे रूप ठरविण्यात भाडेनियंत्रणाच्या कायद्याइतका वाटा क्वचितच दुसऱ्या कायद्याचा असेल. खजुरी बाजारात, सियागंजमध्ये किंवा तुकोजीराव क्लॉथ मार्केटात ज्यांच्या घरची पेढी आहे, त्यांना हे वेगळे सांगावयास नको.

या इतिहासातील एका धाग्यापुरतेच मी बोलणार आहे. मालकाच्या संमतीवाचून भाडेकरूने दुकान दुसऱ्याच्या हवाली करणे आणि ज्या कामासाठी जागा घेतली त्याहून वेगळ्या कामासाठी ती वापरणे, या दोन कारणांवरून जागा खाली करून मागण्याचे जे दावे झाले, त्यांचा हा धागा आहे. वकिलीच्या निमित्ताने मी असे अनेक दावे जवळून पाहिले. पण आज मला कायद्याची कलमे शिकवावयाची नाहीत. हा तंटा मुळात कशावरून आहे, एवढेच तपासावयाचे आहे.

प्रथम एक गोष्ट ध्यानात घ्यावयास हवी. पोटभाडेकरू ठेवणे हा मुळात अपराध नव्हता. ब्रिटिश हिंदुस्थानात १८८२ साली मालमत्ता हस्तांतरणाचा कायदा झाला. त्याच्या १०८ व्या कलमाने, करारात उलट काही नसेल तर, भाडेपट्ट्याने घेतलेली जागा पोटभाड्याने देण्याचा अधिकार पट्टेदाराला दिला. त्याच कलमाच्या दुसऱ्या पोटकलमाने त्याच्यावर एक बंधनही घातले. जागा त्याने शहाण्या माणसाप्रमाणे, स्वतःची असल्यासारखी सांभाळून वापरावी आणि ज्या हेतूने घेतली त्याहून वेगळ्या हेतूने वापरू नये. म्हणजे वापराविषयीचे बंधन जुने आहे आणि पोटभाड्याविषयीची मनाई नवी आहे. ही मनाई का आली, हा खरा ऐतिहासिक प्रश्न आहे.

तिचे मूळ महायुद्धात आहे. १९१५ साली ग्लासगो शहरात युद्धसामग्रीच्या कारखान्यांमुळे कामगारांची गर्दी झाली, घरमालकांनी भाडी वाढविली आणि भाडेकरूंनी भाडे देण्यास नकार दिला. त्या वर्षी ब्रिटिश पार्लमेंटने भाडी गोठविणारा कायदा केला. १९१८ साली मुंबईत आणि १९२० साली कलकत्त्यात तशाच धर्तीचे कायदे झाले. हे सारे युद्धकालीन व तात्पुरते उपाय मानले गेले होते. दुसऱ्या महायुद्धाने पुन्हा तीच निकड निर्माण केली. त्यातच फाळणी झाली आणि निर्वासितांचे लोंढे शहरांत आले. मुंबई प्रांताचा १९४७ चा प्रसिद्ध भाडे कायदा १३ फेब्रुवारी १९४८ पासून अमलात आला. आपल्याकडे २८ मे १९४८ रोजी मध्यभारत राज्य अस्तित्वात आले आणि त्याने संवत २००६ चे स्थान नियंत्रण विधान केले. नागपूर-जबलपूरकडे १९४९ चा भाडेनियंत्रण आदेश होता. पुढे १९५६ साली नवे मध्य प्रदेश राज्य झाले व १९६१ साली सबंध राज्याचा स्थान नियंत्रण कायदा आला. आपल्या पिढीतील बहुतेक दावे या १९६१ च्या कायद्याखालीच लढले गेले.

या कायद्यांनी एकाच वेळी दोन गोष्टी केल्या. भाड्यावर मर्यादा घातली आणि कायद्यात सांगितलेल्या कारणावाचून भाडेकरूला काढता येणार नाही असे ठरविले. गरजू माणसाच्या डोक्यावरचे छप्पर टिकावे हा हेतू निःसंशय उदात्त होता. परंतु घराला लागू केलेला नियम दुकानालाही लागू झाला, तेव्हा त्याचे परिणाम वेगळे झाले. घरात माणूस राहतो. दुकानात माणूस कमावतो. घराचे भाडे गोठले तर कुटुंबाची सोय होते. दुकानाचे भाडे गोठले, तर शहर वाढत जाते तसतशी त्या जागेची किंमत वाढते आणि ती वाढ मालकाच्या हाती न जाता भाडेकरूच्या कब्जात साठत जाते.

एक कल्पित उदाहरण घेऊ. १९५० च्या सुमारास राजवाड्याजवळ कोणी दुकान चाळीस रुपये महिन्याने घेतले. तीस-चाळीस वर्षांनी त्याच दुकानासाठी बाजारात दीड हजार रुपये देणारा माणूस उभा आहे. मालकाला चाळीसच मिळतात. फार तर कायद्याने मान्य केलेली किरकोळ वाढ. भाडेकरू म्हातारा झाला आहे, मुलगा नोकरीनिमित्त परगावी गेला आहे. त्याने दुकान मालकाला परत केले तर हाती काही येत नाही. तिसऱ्याला बसविले तर दरमहा दीड हजार येतात, वर एकरकमी पगडीही येते. या प्रसंगी कितीजण किल्ली मालकाच्या हाती देतील? इथेच पोटभाड्याच्या तंट्याचा जन्म होतो. मधली एक हजार चारशे साठ रुपयांची तफावत कोणाची, हा त्यातील मूळ प्रश्न आहे. कायदा मात्र तो प्रश्न त्या शब्दांत कधीच विचारीत नाही. तो विचारतो, कब्जा कोणाचा?

भाडे कायद्यांनी पोटभाड्याला मनाई केली ती याच कारणाने. स्वस्त भाड्याचे संरक्षण गरजूसाठी होते. ते संरक्षण विकून नफा मिळविण्यासाठी नव्हते. आपल्या १९६१ च्या कायद्याच्या १४ व्या कलमाने मालकाची आगाऊ लेखी संमती आवश्यक केली. १२ व्या कलमाच्या पहिल्या पोटकलमातील ‘ब’ खंडाने बेकायदा पोटभाडे हे कब्जा परत मागण्याचे स्वतंत्र कारण ठरविले. त्या खंडाची भाषा व्यापक आहे. पोटभाड्याने देणे, हक्क सोपविणे किंवा अन्य रीतीने कब्जा सोडणे, मोबदला घेऊन वा न घेता, सबंध जागेचा वा तिच्या काही भागाचा, हे सारे त्यात येते. संमती देण्यासाठी मालकाने पगडी घेण्यासही कायद्याने मनाई केली. कागदावर व्यवस्था चोख होती.

बाजार मात्र कागदावर चालत नव्हता. आपल्या सराफ्याचेच पहा. दिवसभर सोन्याचांदीचे व्यवहार होतात आणि रात्री तीच दुकाने बंद झाली की त्यांच्या पुढ्यात खाद्यपदार्थांची दुकाने मांडली जातात. एकाच जागेचा दिवसा एक आणि रात्री दुसरा उपयोग, ही आपल्या शहराची नित्याची व सर्वमान्य रीत आहे. ओट्यावर शिंप्याला यंत्र मांडू देणे, जिन्याखाली घड्याळजीला बसू देणे, भाच्याला दुकानाचा अर्धा भाग देणे, हे सारे शब्दावर चालत आले. मालक ते पाहत असे, त्याच ओट्यावर बसून चहाही घेत असे. पण पाहणे म्हणजे लेखी संमती नव्हे. संबंध चांगले होते तोवर हा भेद कोणाला जाणवला नाही. मालक वारला, वाटण्या झाल्या, जागेचे मोल कळलेली पुढची पिढी आली, आणि वीस वर्षे बसलेला घड्याळजी एकाएकी बेकायदा पोटभाडेकरू ठरला.

भाडेकरूंनीही कागदाला कागदाने उत्तर देण्याची युक्ती शोधली. पोटभाडे म्हणावयाचे नाही, भागीदारी म्हणावयाचे. मुद्रांकाच्या कागदावर भागीदारी-पत्र तयार झाले. जुना भाडेकरू कागदोपत्री दोन आणे हिश्श्याचा भागीदार राहिला आणि धंदा सर्वस्वी नवागताचा झाला. कोणी व्यवस्थापक नेमल्याचे दाखविले, कोणी नुसता परवाना दिल्याचे. मग न्यायालयांपुढे प्रश्न आला की कागद खरा मानावयाचा की व्यवहार?

या प्रश्नावरील निर्णयांची परंपरा मोठी उद्बोधक आहे. १९५९ साली सर्वोच्च न्यायालयापुढे दिल्लीच्या इंपीरियल हॉटेलातील दोन खोल्यांचा तंटा आला. तेथे केशकर्तनाचा व्यवसाय चालत असे. दस्तऐवजावर परवाना असे लिहिलेले होते. तरीही न्यायालयाने तो भाडेपट्टाच ठरविला. दस्ताच्या नावापेक्षा त्याचा आशय पाहावयाचा, आणि जागेचा अनन्य कब्जा दिला आहे का हे तपासावयाचे, हे सूत्र तेथे दृढ झाले. उलट १९६४ साली मद्रासमधील एका खाजगी मंडईतील गाळेवाल्यांना न्यायालयाने केवळ परवानाधारक मानले, कारण बाजाराची देखरेख व नियंत्रण मालकांनी आपल्या हाती राखले होते.

भागीदारीच्या बाबतीतही हाच विवेक दिसतो. १९८७ साली गुजरातमधून आलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की भागीदारी खरी असेल तर ते पोटभाडे नव्हे. १९८८ साली दिल्लीच्या प्रकरणात बाप धंद्यातून निवृत्त झाला व मुलगे दुकान चालवू लागले. कायदेशीर कब्जा बापाने सोडलेला नव्हता, म्हणून तेही पोटभाडे ठरले नाही. पण त्याच वर्षी पंजाबातील एका प्रकरणात, दुकानाच्या एका भागात आइस्क्रीम विक्रेत्याला बसविले होते. त्या भागाचा अनन्य कब्जा त्याच्याकडे आहे असे दिसल्यावर, मोबदल्याचा थेट पुरावा नसतानाही पोटभाड्याचे अनुमान काढता येते असे न्यायालय म्हणाले. २००४ साली न्यायालयाने भागीदारीचा पडदा दूर सारून आतील व्यवहार पाहण्याचा अधिकार पुन्हा ठासून सांगितला. या साऱ्याचे सार गोव्यातून आलेल्या एका प्रकरणात २००९ साली एकत्र मांडले गेले. नुसता भागीदार घेणे म्हणजे पोटभाडे नव्हे. भाडेकरू धंद्यात स्वतः सक्रिय असेल व जागेवरील नियंत्रण त्याने राखले असेल, तर त्याला काढता येत नाही. आरंभीचा शाबितीचा बोजा मालकावर असतो. तिसऱ्या माणसाचा अनन्य कब्जा त्याने दाखविला की तो कसा आला हे सांगण्याची जबाबदारी भाडेकरूवर येते.

व्यवहारात याचा अर्थ काय होतो, ते कोर्टातल्या उलटतपासणीत दिसते. सकाळी शटर कोण उघडतो? रात्री कुलूप कोण लावतो? गुमास्ता परवाना कोणाच्या नावाचा आहे? बिलबुकावर सही कोणाची? बँकेतील खाते कोण चालवितो? नफ्याचा हिशेब खतावणीत आहे की दरमहा ठरावीक रक्कमच हातात पडते? भागीदारी-पत्र कितीही सुबक असो, या सहा प्रश्नांपुढे ते टिकत नाही. भागीदाराचा हिस्सा धंद्याबरोबर वरखाली होतो. भाडे तेवढे दर महिन्याला तेच राहते. जो तोट्यातही तीच रक्कम घेतो, तो भागीदार नव्हे. आणि किल्ली ज्याच्या कडोसरीला, कब्जा त्याचा.

आता दुसऱ्या कारणाकडे, म्हणजे वापर बदलण्याकडे वळू. येथेही न्यायालयांनी शब्दापेक्षा प्रयोजनाला महत्त्व दिले. १९८८ साली हरियाणातील प्रकरणात मद्याच्या दुकानासाठी घेतलेल्या जागेत भाडेकरूने किरकोळ जिनसांचे दुकान काढले. दोन्ही व्यापारच आहेत, जागेला वा मालकाला अपाय नाही, म्हणून न्यायालयाने त्याला काढले नाही. १९८९ साली सायकली व रिक्षा दुरुस्तीच्या दुकानात दूरदर्शन संचांची विक्री सुरू केल्यानेही जागा गेली नाही. परंतु १९९३ साली मुंबई भाडे कायद्याखालील प्रकरणात उसाच्या रसाच्या गुऱ्हाळासाठी दिलेल्या जागेत कापडाचे दुकान थाटले, तेव्हा निर्णय मालकाच्या बाजूने गेला. वरवर पाहता रसवंती व कापड यांत मद्य व किराणा यांच्याहून अधिक अंतर नाही. मग फरक कशाने पडला? करार काय म्हणतो, कायद्याचे शब्द काय आहेत आणि मूळ प्रयोजनाच्या छत्राखाली नवा धंदा बसतो का, यांवर निकाल फिरतो. आपल्या कायद्यात तर, भाडेकरूने जागेचा काही भाग स्वतःच्या कचेरीसाठी वापरला तर तो विसंगत वापर समजू नये, असे स्पष्टच म्हटले आहे. काळाबरोबर धंदे बदलतात. पिंजाऱ्याच्या दुकानात फोमच्या गाद्या येतात, टंकलेखनाच्या वर्गात संगणक येतो. हे बदल रोखणे कायद्याला अभिप्रेत नव्हते. राहत्या घराची भट्टी होऊ नये, लाकडी माडीखाली रॉकेलचा साठा होऊ नये, एवढेच त्याला पाहावयाचे होते.

महाराष्ट्राबाहेर पसरलेल्या आपल्या मराठी समाजाच्या दृष्टीने या इतिहासाला आणखी एक बाजू आहे. इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे, बेळगाव, हैदराबाद, पणजी या गावांतील मराठी दुकानदारांची रीत सारखी, शब्दही तेच. पण राज्यांच्या सीमांनी त्यांचे नशीब वेगळे केले. मुंबई राज्यात २१ मे १९५९ च्या अध्यादेशाने तोवर प्रत्यक्ष कब्जात असलेल्या पोटभाडेकरूंना संरक्षण मिळाले. बडोदे तेव्हा त्या राज्यात होते. बेळगाव १९५६ सालीच म्हैसूर राज्यात गेले होते, त्यामुळे तो अध्यादेश तेथवर पोहोचणे शक्य नव्हते. पुढे १९७३ साली महाराष्ट्राने १ फेब्रुवारी १९७३ रोजी जागेत असलेल्या परवानाधारकांना भाडेकरूंचा दर्जा दिला. तोवर गुजरात वेगळा झालेला होता. गोव्याचा कायदा १९६८ चा, तेव्हाच्या आंध्र प्रदेशाचा १९६० चा. एकाच कुटुंबातील दोन भावांनी, एकाने मुंबईत व दुसऱ्याने इंदुरात, सारख्याच रीतीने दुकान घेतले असते, तरी एकाचा पोटभाडेकरू कायद्याने भाडेकरू होऊ शकला असता आणि दुसऱ्याचा रस्त्यावर आला असता.

या तिसऱ्या माणसाविषयी मला थोडे अधिक बोलावयाचे आहे. मालकाची बाजू मांडणारे असतात, भाडेकरूंच्या संघटना असतात. पोटभाडेकरूचे कोणीच नसते. बहुधा तोच तिघांत सर्वांत जास्त पैसे मोजतो. त्याच्या हाती पावती नसते, कारण पावती म्हणजे पुरावा, आणि तो पुरावा मूळ भाडेकरूला घातक. जागा खाली करण्याच्या दाव्यात बेकायदा पोटभाडेकरूला पक्षकार केलेच पाहिजे असे नाही. मूळ भाडेकरूविरुद्धचा हुकूमनामा त्यालाही बांधतो. कायद्याने ज्या दुर्बलासाठी संरक्षण योजिले, त्याच्याच जागी आज हा माणूस उभा असतो आणि संरक्षणाबाहेर असतो. पोटकलम, पोटनियम या शब्दांत ‘पोट’ म्हणजे आतला, दुय्यम. पण पोटभाडेकरू या शब्दात दुसरे पोटही आहे, हे न्यायालयाच्या बाहेर बसलेल्या त्याच्या कुटुंबाकडे पाहिल्यावर कळते.

मालकही नेहमी धनवानच असतो असे नाही. राजवाड्याच्या आसपासच्या जुन्या वाड्यांतून वर राहणारी विधवा आणि खाली तिच्याहून दसपट मिळकत असलेला भाडेकरू, हे चित्र आपण सर्वांनी पाहिले आहे. १९८३ च्या दुरुस्तीने विधवा, घटस्फोटित स्त्रिया, अपंग, निवृत्त शासकीय नोकर, सैन्यातील माणसे यांना स्वतःच्या गरजेसाठी जागा परत मिळविण्याची जलद वाट करून दिली. पण ती वाट गरजेपुरती होती. भाडेकरूने परस्पर पोटभाडेकरू ठेवला, तर त्यासाठी तिला दिवाणी न्यायालयाचा लांबचा रस्ताच धरावा लागे. शिवाय १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या प्रकरणात, व्यापारी जागेतील भाडेकरूचे संरक्षण त्याच्या वारसांनाही मिळते असे ठरविले होते. म्हणजे दावा एका पिढीचा राहत नाही.

गोठविलेले भाडे कायमचे चालू ठेवणे न्याय्य नाही, हे अखेरीस मान्य झाले. डिसेंबर १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुंबई कायद्यातील प्रमाण भाड्याच्या तरतुदी कालौघात अवाजवी झाल्याचा निर्वाळा दिला. महाराष्ट्राचा १९९९ चा कायदा ३१ मार्च २००० पासून लागू झाला. त्याने भाडेहक्क सोडण्यासाठी वा सोपविण्यासाठी रक्कम घेणे कायदेशीर केले. जी पगडी पन्नास वर्षे टेबलाखालून चालली, ती टेबलावर आली. केंद्र सरकारने २०२१ साली राज्यांसाठी जो आदर्श भाडेकरार कायदा मंजूर केला, त्यात भाडे उभयपक्षी ठरवावे, करार लेखी असावा आणि पोटभाडे द्यावयाचे तर मालकाशी पुरवणी करार करूनच द्यावे, असे म्हटले आहे. ज्या मोकळ्या कराराच्या जागेवरून आपण १८८२ साली निघालो होतो, तिच्या आसपासच परत आलो आहोत. फरक इतकाच की आता मौनाला संमती मानण्याची सोय उरलेली नाही.

या इतिहासातून मी एकच निष्कर्ष काढतो. शहराची वाढ कोणा एका मालकाने वा भाडेकरूने केलेली नसते. रस्ते, गिरण्या, शाळा, बाजारहाट करणारी माणसे, या सर्वांनी मिळून जागेचे मोल वाढविलेले असते. त्या वाढीची वाटणी कशी करावी हे कायद्याने सांगितले नाही, म्हणून ती लपूनछपून झाली. लपविण्यासाठी खोटे कागद झाले. सज्जन व्यापाऱ्यांनी खोट्या भागीदाऱ्या लिहिल्या, सज्जन मालकांनी पावतीवाचून पगड्या घेतल्या. न्यायालयांनी कागदामागचा व्यवहार शोधण्यात आपली शक्ती वेचली आणि पुष्कळदा तो अचूक शोधलाही. पण दावा जिंकलेला माणूस तोवर म्हातारा झालेला असे.

या संस्थेच्या व्यासपीठावरून हे सांगण्यास एक विशेष कारण आहे. आपल्याकडील कित्येक शिक्षणसंस्थांनी रस्त्याकडील बाजूस दुकाने काढली आणि त्यांच्या भाड्यावर शाळेचा खर्च चालेल असा हिशेब मांडला. दानशूरांनी दिलेल्या त्या दुकानांची भाडी गोठली आणि शाळेच्या दाराशी उभ्या राहिलेल्या समृद्धीतील कवडीही शाळेत पोहोचली नाही. १९६१ च्या कायद्याच्या तिसऱ्या कलमात, ज्या जागेचे सर्व उत्पन्न शिक्षणसंस्थेच्याच कामी लागते तिला कायद्यातून सूट देण्याचा अधिकार शासनाला होता. पण सूट म्हणजे नुसता दरवाजा. आत जावयाचे तर संस्थेजवळ मूळ भाडेचिठ्ठ्या, पावत्यांची स्थळप्रत आणि कोणत्या दुकानात आज प्रत्यक्ष कोण बसतो याची नोंद हवी.

म्हणून येथे जमलेल्या माजी विद्यार्थ्यांना माझी विनंती आहे. आपल्यात वकील आहेत, हिशेबनीस आहेत, व्यापारी आहेत. कोणी मालक असेल, कोणी भाडेकरू, कोणी पोटभाडेकरूही असेल. जे ठरले असेल ते लिहा. जे लिहाल ते खरे लिहा. आणि जागेचे मोल वाढले की त्याची वाटणी समोरासमोर बसून करा. संस्थेच्या दुकानांची अशी नोंदवही कोणी चार तरुण करून देतील, तर या स्मृतिव्याख्यानाचे चीज झाले असे मी मानीन.